पचनाचे मदतनीस: लाळग्रंथी, यकृत, पित्ताशय आणि स्वादुपिंड – वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवत होते तेव्हा हे प्रश्न वर्गात यायचे. आता ते व्हॉट्सअ‍ॅपवर येतात, आणि विद्यार्थ्यांपेक्षा त्यांच्या आईवडिलांकडून जास्त येतात. बरेचदा सोबत सोनोग्राफीच्या रिपोर्टचा फोटोही असतो. तेच तेच प्रश्न पुन्हा आले म्हणून उत्तरं एकदाच नीट लिहून काढली आहेत. शरीर कसं चालतं एवढंच मी सांगू शकते. तुमच्या रिपोर्टवर काय करायचं ते तुमचे डॉक्टर सांगतील.

१. पचनाचे सहाय्यक अवयव म्हणजे नेमके कोणते?

तोंडापासून गुदद्वारापर्यंत एक सलग नळी आहे: घसा, अन्ननलिका, जठर, लहान आतडं, मोठं आतडं. अन्न या नळीतूनच जातं. नळीच्या बाहेर राहून जे आपले रस तिच्यात सोडतात ते सहाय्यक अवयव: लाळग्रंथींच्या तीन मोठ्या जोड्या, यकृत, पित्ताशय आणि स्वादुपिंड. पाठ्यपुस्तकं दात आणि जीभही याच यादीत घालतात.

'सहाय्यक' हा शब्द मला कधीच फारसा आवडला नाही. त्यातून 'असले तर बरं' असा अर्थ निघतो. पित्ताशयाच्या बाबतीत तो खरा आहे, ते काढून टाकलं तरी माणूस ठणठणीत जगतो. यकृताशिवाय मात्र चार दिवसही निघणार नाहीत.

२. मग अन्न यकृतातून किंवा स्वादुपिंडातून जातच नाही?

नाही. अन्नाचा एक कणही तिथे जात नाही. दहावीच्या मुलांच्या आकृतीत हमखास दिसणारी चूक हीच: जठरातून निघालेला बाण यकृतात शिरतो आणि तिथून आतड्यात उतरतो. खरं तर हे अवयव आपल्या जागी बसून रस पाठवतात. यकृताचं पित्त आणि स्वादुपिंडाचा रस, दोन्ही लहान आतड्याच्या पहिल्या भागात उतरतात. या भागाला ड्युओडेनम म्हणतात. तो जेमतेम २५ सेंटीमीटर लांब आहे, आणि दोन्ही नळ्यांचं तोंड बहुतेकांत एकच असतं. हे एकच तोंड लक्षात ठेवा, प्रश्न १३ मध्ये सगळा घोळ तिथेच होतो.

यकृताचा अन्नाशी संबंध येतो तो अन्न पचल्यावर. आतड्याने शोषलेली साखर आणि अमिनो आम्लं रक्तात उतरतात, पण ते रक्त थेट हृदयाकडे जात नाही. एका स्वतंत्र रक्तवाहिनीने ते आधी यकृतात येतं. यकृताला मिळणाऱ्या रक्तापैकी सुमारे तीन चतुर्थांश रक्त या वाटेने येतं. बाजार समितीत माल उतरतो तसा हा प्रकार आहे: आलेला माल बघायचा, काही साठवायचा, काही पुढे पाठवायचा, नासका बाजूला काढायचा. तोंडाने घेतलेली कित्येक औषधंही याच नाक्यावर बरीचशी अडतात, म्हणून काही औषधं इंजेक्शनने किंवा जिभेखाली गोळी ठेवून द्यावी लागतात. स्निग्ध पदार्थ मात्र बहुतांशी हा नाका चुकवतात. ते लसिकावाहिन्यांच्या आडवाटेने रक्तात मिसळतात.

३. काळीज म्हणजे हृदय की यकृत?

मूळ अर्थाने यकृत. मटणाच्या दुकानात 'कलेजी' मागितली की जे मिळतं तेच. बोलताना मात्र आपण काळजात धस्स होतं म्हणतो आणि हात छातीच्या डाव्या बाजूला नेतो. शरीरातलं खरं काळीज उजव्या बाजूला, बरगड्यांच्या आड असतं. प्रौढ माणसात ते साधारण सव्वा ते दीड किलो भरतं. शरीराच्या आतला सर्वांत मोठा अवयव तोच.

४. भाकरी बराच वेळ चावली की गोड लागते, ती लाळेमुळे का?

हो. लाळेत अमायलेज नावाचं पाचकद्रव्य असतं. ते पिष्टाचे लांब धागे तोडून त्यांची माल्टोज नावाची साखर करतं. भाकरी-पोळीत पिष्ट भरपूर असतं, म्हणून घास दोन मिनिटं घोळवला की गोडसर चव येते. अकरावीच्या प्रात्यक्षिकात आम्ही भाताच्या पेजेत आयोडीनचा थेंब टाकायचो. पेज निळीकाळी व्हायची. दुसऱ्या परीक्षानळीत पेजेबरोबर थोडी लाळ घालून ती कोमट पाण्यात ठेवायचो, आणि मग आयोडीन टाकलं की निळा रंग येईनासा व्हायचा. लाळ कुणी द्यायची यावरून वर्गात जी धमाल चालायची ती वेगळीच.

दिवसभरात साधारण एक ते दीड लिटर लाळ तयार होते. घास ओला करून गिळण्याजोगा करणं हे तिचं पहिलं काम, आणि माझ्या मते सर्वांत महत्त्वाचंही. कोरडं सातूचं पीठ तोंडात टाकून बघा, लगेच पटेल. चवही लाळेत विरघळल्याशिवाय कळत नाही. शिवाय तिच्यात जंतूंना मारणारी द्रव्यं आणि दात शाबूत ठेवणारं कॅल्शियम असतं. रात्री झोपेत लाळ जवळजवळ थांबते, म्हणून सकाळी तोंडाला वास येतो.

कानाजवळची लाळग्रंथी तुम्हाला ओळखीची आहे: गालगुंड झाले की सुजते ती हीच. जबड्याखालच्या ग्रंथींची नळी जिभेखाली, खालच्या पुढच्या दातांच्या मागे उघडते. दातांचं कीटण नेमकं त्याच जागी का जमतं, याचं उत्तर या नळीत आहे. लाळेतलं कॅल्शियम तिथेच बसत राहतं.

५. जठरात गेल्यावर लाळेचं काम बंद पडतं ना? मग तोंडातल्या मिनिटभरात कितीसं पचणार?

प्रश्न चांगला आहे. आम्लाने अमायलेज निकामी होतं हे खरं, पण गिळलेला घास जठरात पडताक्षणी आम्लात विरघळत नाही. घासांचा ढीग जठराच्या वरच्या भागात थांबतो आणि आतपर्यंत आम्ल मुरायला वेळ लागतो. तोवर ढिगाच्या आत लाळेचं काम चालूच असतं. तरीही पिष्ट पचवण्याचा मुख्य भार स्वादुपिंडावर असतो. लाळ फारशी नसलेल्या माणसालाही भात पचतो. त्याला त्रास होतो तो गिळण्याचा आणि दात किडण्याचा.

६. मला फार पित्त होतं. पित्ताशय खराब झालं असेल का?

सर्वांत जास्त वेळा आलेला प्रश्न हाच, आणि दोष आपल्या भाषेचा आहे. मराठीत 'पित्त' हा एकच शब्द चार वेगळ्या गोष्टींसाठी वापरतात.

चहा रिकाम्या पोटी घेतला, जागरण झालं, छातीत जळजळलं, आंबट ढेकर आले की आपण 'पित्त झालं' म्हणतो. हे जठरातलं आम्ल. ते अन्ननलिकेत वर चढलं की जळजळतं. पित्ताशयाचा याच्याशी संबंध नाही.

अंगावर लाल गांधी उठतात, खाज सुटते, आजी आमसुलाचं पाणी लावते, तेही 'पित्त उठलं'. ती त्वचेची अ‍ॅलर्जीसारखी प्रतिक्रिया. इथे ना जठर, ना यकृत.

वैद्य 'पित्त प्रकृती' म्हणतात तेव्हा ते आयुर्वेदातल्या त्रिदोषांपैकी एकाबद्दल बोलत असतात. ती कल्पना पुष्कळ व्यापक आहे, एखाद्या पिशवीतल्या द्रवाचं ते नाव नाही.

आणि चौथं पित्त, ज्याबद्दल हे सगळं लिहिते आहे, ते यकृतात तयार होणारं पिवळं-हिरवं, कडूजहर पाणी. कोंबडी घरी साफ करणाऱ्यांना ते चांगलं माहीत असतं. कलेजीला चिकटलेली हिरवी पिशवी न फोडता काढायची, फुटली तर सगळं मटण कडू. मासा साफ करतानाही तीच खबरदारी.

घरगुती ओळख सांगायची तर, तोंडात आंबट पाणी आलं तर ते जठरातलं, आणि उलटीत पिवळंहिरवं कडू पाणी पडलं तर ते खरं पित्त. पोट पूर्ण रिकामं असताना उलट्या होत राहिल्या की आतड्यातलं पित्त मागे येतं. प्रवासात गाडी लागते तेव्हा शेवटी शेवटी पडतं ते हेच. तान्ह्या बाळाला हिरवी उलटी झाली तर मात्र घरी ओळख पटवत बसू नका, तडक रुग्णालय गाठा. आतड्याला पीळ पडल्याची ती खूण असू शकते.

७. पित्तात पाचकद्रव्य नसतं म्हणतात. मग ते पचवतं काय?

स्वतः काहीच पचवत नाही. तेलकट कढई नुसत्या पाण्याखाली धरली तर तेल तसंच राहतं. साबण लावला की तेलाचे बारीक थेंब होऊन ते पाण्याबरोबर निघतात. पित्तातले क्षार आतड्यात साबणाचं काम करतात. तुपाच्या मोठ्या थेंबाचे असंख्य सूक्ष्म थेंब झाले की स्वादुपिंडाच्या लायपेज या पाचकद्रव्याला काम करायला भरपूर पृष्ठभाग मिळतो. म्हणजे तूप पचवायला दोघं लागतात, एक फोडणारा आणि एक तोडणारा.

क्लोद बर्नार या फ्रेंच शास्त्रज्ञाला १८४० च्या दशकात हे सशाने दाखवून दिलं. सशाची स्वादुपिंडाची नळी पित्ताच्या नळीच्या बरीच खाली उघडते. स्निग्ध आहार दिलेल्या सशाच्या आतड्यात शोषलेल्या चरबीच्या दुधाळ पांढऱ्या रेषा पित्त मिसळल्यापासून दिसायला हव्या होत्या. त्या दिसल्या स्वादुपिंडाचा रस मिसळल्यानंतरच. एकटं पित्त पुरत नाही हे त्यातून कळलं. वर्गात हा किस्सा सांगितला की निदान त्या दिवसापुरतं तरी मुलांना स्वादुपिंड आवडायचं.

पित्तक्षार शरीर फुकट घालवत नाही. काम झाल्यावर लहान आतड्याच्या शेवटी त्यांतले ९५ टक्क्यांच्या आसपास परत शोषले जातात, यकृतात पोचतात आणि पुन्हा पित्तात येतात. दिवसातून अनेक फेऱ्या होतात. जी थोडी घट होते तेवढेच क्षार यकृत नव्याने बनवतं, आणि ते कोलेस्टेरॉलपासून. रक्तातलं कोलेस्टेरॉल कमी करणारी काही औषधं या फेरीत पित्तक्षार अडवूनच काम करतात.

८. पित्त यकृत बनवतं, तर पित्ताशय कशाला हवं?

साठवायला आणि आटवायला. यकृत दिवसरात्र पित्त बनवत असतं, दिवसाला अर्धा ते एक लिटर. आपण जेवतो मात्र दोन-तीनदा. मधल्या वेळात आतड्याच्या तोंडाशी असलेली स्नायूंची झडप मिटलेली असते, त्यामुळे पित्त मागे फिरून पित्ताशयात जातं. ती पिशवी नासपतीएवढी, जेमतेम ३० ते ५० मिलिलिटरची. एवढ्यात भागतं कारण पित्ताशय त्यातलं पाणी शोषून पित्त पाच-दहा पट दाट करतं. बासुंदी आटवण्यासारखंच. पण आटवण्याचा हाच गुण खड्यांच्या मुळाशीही आहे (प्रश्न १२).

९. स्वादुपिंड मधुमेहासाठी असतं ना? त्याचा पचनाशी काय संबंध?

वजनाने बघितलं तर उलट आहे. स्वादुपिंडाचा बहुतेक सगळा भाग पाचकरस बनवतो. इन्सुलिन बनवणारी पेशींची बेटं सगळी मिळून एक-दोन टक्केच भरतात. पण मधुमेह घरोघरी आहे म्हणून बेटं प्रसिद्ध झाली आणि बाकीचा अवयव मागे पडला.

हा अवयव जठराच्या मागे आडवा असतो, साधारण वीतभर लांब. दिवसाला लिटर-दीड लिटर रस सोडतो. त्या रसात दोन गोष्टी असतात. एक सोडा, म्हणजे बायकार्बोनेट: जठरातून आलेलं जळजळीत आम्ल तो शमवतो, नाहीतर आतड्याचं अस्तर भाजून निघेल. दुसरी पाचकद्रव्यं, आणि ती तिन्ही आघाड्यांवर: पिष्टासाठी अमायलेज, स्निग्धासाठी लायपेज, प्रथिनांसाठी ट्रिप्सिन व त्याची भावंडं. वरण-भात-तूप हे अख्खं ताट एकट्याने हाताळू शकेल असा अवयव हाच. 'सहाय्यक' म्हणवून घेणारा पचनातला खरा कर्ता पुरुष कोण, असं विचारलंत तर माझं मत स्वादुपिंडाला.

त्याची शिलकीची ताकदही मोठी आहे. पाचकद्रव्यं बनवण्याची सुमारे ९० टक्के क्षमता गेल्यावरच शौचातून चरबी पडायला लागते: चिकट, तेलकट, भांड्याला धरून बसणारी, घाण वासाची. मग अ, ड, ई आणि के ही जीवनसत्त्वंही शोषली जात नाहीत, कारण ती स्निग्धातच विरघळतात.

१०. हा रस मांस पचवतो, मग स्वादुपिंड स्वतःला कसं पचवत नाही?

कारण स्वादुपिंड शस्त्रं म्यान करून पाठवतं. ट्रिप्सिन स्वादुपिंडात ट्रिप्सिनोजेन या निष्क्रिय रूपात बनतं. ते जागं करणारं द्रव्य स्वादुपिंडात नाही, आतड्याच्या अस्तरावर आहे. आतड्यात पोचल्यावर थोडं ट्रिप्सिन जागं होतं, आणि मग तेच बाकीच्यांना जागं करत सुटतं. चुकून आतच थोडं जागं झालं तर त्याला पकडून ठेवणारं एक रोधक द्रव्यही स्वादुपिंडात हजर असतं.

ही व्यवस्था कोलमडली की स्वादुपिंड खरोखरच स्वतःला पचवू लागतं. त्यालाच स्वादुपिंडाचा तीव्र दाह, पँक्रिएटायटिस म्हणतात. पोटाच्या वरच्या भागात असह्य दुखतं, कळ पाठीत जाते, माणूस पुढे वाकून बसतो. हे दुखणं घरी थांबून बघण्याचं नव्हे.

११. जेवण आलंय हे या अवयवांना कळतं कसं?

लाळेला नुसती चाहूल पुरते. कैरीवर तिखटमीठ भुरभुरलेलं वाचलंत तरी तोंडाला पाणी सुटलं असेल. तिथे सगळं काम मज्जातंतूंचं.

स्वादुपिंडाचंही तसंच असणार, असं विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत मानत होते. १९०२ मध्ये लंडनमध्ये बेलिस आणि स्टार्लिंग या दोघांनी कुत्र्याच्या आतड्याच्या एका भागाचे मज्जातंतू तोडले आणि तिथे आम्ल सोडलं. तार तोडलेली असूनही स्वादुपिंडाने रस सोडला. मग त्यांनी आतड्याच्या अस्तराचा अर्क काढून रक्तात टोचला, तरी रस आला. म्हणजे निरोप रक्तातून जात होता. त्या द्रव्याला त्यांनी सिक्रेटिन नाव दिलं. अशा निरोप्यांसाठी 'हॉर्मोन' हा शब्द स्टार्लिंगने १९०५ मध्ये वापरला. आज थायरॉइडपासून इन्सुलिनपर्यंत सगळ्यांना आपण जो शब्द लावतो त्याची सुरुवात पचनाच्या या प्रयोगात आहे.

थोडक्यात असं चालतं: आतड्यात आम्ल आलं की सिक्रेटिन सुटतं आणि स्वादुपिंड सोडा पाठवतं. स्निग्ध व प्रथिनं आली की कोलेसिस्टोकायनिन सुटतं; त्याने पित्ताशय आकसतं, नळीच्या तोंडाची झडप उघडते आणि पाचकद्रव्यं येतात. लग्नाच्या जेवणानंतर रात्री पोटाच्या उजव्या बाजूला कळ का येते, हे आता लक्षात येईल. खडे असलेलं पित्ताशय जिलेबी-बासुंदीच्या स्निग्धामुळे आकसायला जातं आणि खडा तोंडाशी अडकतो. ही कळ कित्येकदा उजव्या खांद्याकडे जाते.

१२. पित्ताशयातले खडे भरपूर पाणी प्यायल्याने पडतात का? पानफुटीचा रस? ऑलिव्ह तेल आणि लिंबू?

इथे मुतखडा आणि पित्तखडा यांची गल्लत होते. मुतखडा मूत्रमार्गात असतो, पाणी जास्त प्यायलं की लघवी वाढते आणि बारीक खडा वाहून जाऊ शकतो. प्यायलेलं पाणी पित्ताशयात जातच नाही. पानफुटीचं पान गावाकडे देतात तेही मुतखड्यासाठी. टोमॅटो-पालक वर्ज्य करण्याचा सल्लाही मुतखड्यांचा, तो इकडे उगाच येऊन चिकटला आहे.

पित्तखडे बहुधा कोलेस्टेरॉलचे असतात. पित्तात कोलेस्टेरॉल जास्त आणि ते विरघळवणारे क्षार कमी पडले, की पाक बिघडल्यावर साखरेचे खडे धरावेत तसं होतं. तांबड्या पेशी जास्त फुटणाऱ्या आजारांत, सिकलसेलमध्ये उदाहरणार्थ, काळे रंगद्रव्याचे खडे होतात; विदर्भातल्या आणि नंदुरबारकडच्या आदिवासी भागांत सिकलसेल आढळतो, तिथे तरुण वयात खडे दिसले तर हे कारण लक्षात घ्यावं लागतं. गरोदरपण, लठ्ठपणा, आणि ज्याचं लोकांना आश्चर्य वाटतं ते म्हणजे झपाट्याने वजन उतरवणं, यांनी खड्यांची शक्यता वाढते. उपाशी माणसाचं पित्ताशय आकसत नाही आणि आतलं पित्त नुसतं आटत बसतं.

तेल-लिंबाच्या 'सफाई'नंतर शौचातून हिरवट गोळे पडतात, त्यांचे फोटो मला चार-पाच जणांनी पाठवले आहेत. ते खडे नव्हेत. प्यायलेल्या तेलाचाच आतड्यात झालेला साबण आहे तो. आधीची आणि नंतरची सोनोग्राफी शेजारी ठेवून बघा.

ज्यांचे खडे काही त्रास देत नाहीत, योगायोगाने दिसले आहेत, अशा बहुतेकांना शस्त्रक्रियेची गरज नसते. त्रास सुरू झाला की मात्र पिशवीसकट काढणं हाच टिकाऊ इलाज, कारण नुसते खडे काढले तर तीच पिशवी पुन्हा खडे करते. दुर्बिणीने पित्ताशय काढण्याची भारतातली पहिली शस्त्रक्रिया १९९० मध्ये मुंबईच्या जे. जे. रुग्णालयात डॉ. तेहमटन उदवाडिया यांनी केली. त्याआधी या दुखण्यासाठी पोटावर वीतभर छेद घ्यावा लागे.

१३. खडा पित्ताशयात होता, सूज स्वादुपिंडाला आली. डॉक्टरांनी चुकीचं सांगितलं का?

बरोबर सांगितलं. प्रश्न २ मधलं एकच तोंड आठवा. बारीक खडा पित्ताशयातून घसरत येऊन त्या तोंडाशी अडकला की पित्ताबरोबर स्वादुपिंडाचाही रस तुंबतो, आणि पुढचं प्रश्न १० प्रमाणे. म्हणून मोठ्या एका खड्यापेक्षा साबुदाण्याएवढे बारीक अनेक खडे कधी कधी जास्त घात करतात. स्वादुपिंडाच्या तीव्र दाहाची दोन मोठी कारणं म्हणजे असे खडे आणि दारू.

१४. पित्ताशय काढल्यावर तूप कायमचं बंद?

नाही. पित्त बनवणारं यकृत जागेवर आहे. फरक एवढाच की आता साठा नाही, पातळ पित्त थेंबथेंब सतत आतड्यात उतरतं. रोजच्या वरणभातावरच्या तुपाला ते पुरतं. सुरुवातीचे काही आठवडे एकदम तळकट खाल्लं तर जुलाब होऊ शकतात. थोडं थोडं आणि विभागून खावं. काहींना पातळ शौचाचा त्रास लांबतो. त्यावर औषध आहे, नुसतं सोसत राहू नका.

१५. पोटाच्या सोनोग्राफीला उपाशी का बोलावतात? आणि रिपोर्टमध्ये 'गॅसमुळे स्वादुपिंड दिसलं नाही' असं का लिहितात?

उपाशी असताना पित्ताशय भरलेलं असतं, म्हणून खडे नीट दिसतात. जेवून गेलात तर ते आकसलेलं दिसणार. 'नुसता चहा घेतला' हेही चालत नाही. दुधाच्या चहातलं स्निग्धही त्याला पुरतं.

स्वादुपिंड जठर आणि आतड्याच्या मागे दडलेलं, आणि ध्वनिलहरी हवेतून नीट जात नाहीत. पुढे वायू असला की मागचं झाकलं जातं. हे वाक्य वाचून घाबरून फोन करणारे बरेच असतात. त्याचा अर्थ 'स्वादुपिंड नाही' किंवा 'खराब आहे' असा नाही, 'बघता आलं नाही' एवढाच आहे.

१६. शौचाचा रंग पित्तामुळे असतो का? पांढरी शी झाली तर?

हो. तांबड्या रक्तपेशी साधारण १२० दिवस जगतात. मेल्यावर त्यांच्यातल्या लाल द्रव्याचं पिवळं बिलिरुबिन होतं, यकृत ते पित्तातून आतड्यात टाकतं, आणि तिथले जंतू त्याचं तपकिरी रंगद्रव्य करतात. पित्ताची वाट बंद झाली की शौच मातकट पांढरी होते आणि तुंबलेलं बिलिरुबिन लघवीतून जाऊन ती गडद, मोहरीच्या तेलासारखी दिसते. दोन्ही एकत्र दिसलं तर तपासणी लांबवू नये.

तान्ह्या बाळांबाबत तर मुळीच नाही. जन्मानंतरची साधी कावीळ बहुतेक बाळांत आपोआप ओसरते. पण दोन आठवड्यांनंतरही कावीळ आहे आणि शी पांढुरकी आहे, तर बाळाच्या पित्तनलिका बंद असू शकतात. त्यावरची शस्त्रक्रिया बाळ दोन महिन्यांचं व्हायच्या आत झाली तर यशाची शक्यता जास्त असते. 'उन्हात धरा, जाईल' म्हणणाऱ्यांपुढे हा एक मुद्दा ठामपणे मांडा.

१७. आमच्या गावात कावीळ उतरवतात. हात धुतले की पाणी पिवळं होतं, डोळ्यांनी पाहिलंय.

तुम्ही पाहिलंत ते खरं, पण तो पिवळेपणा शरीरातला नव्हे. उतरवणाऱ्याच्या हाताला आधीच आंब्याच्या सालीचा रस लावलेला असतो. तो चुन्याच्या निवळीत मिसळला की पाणी पिवळं होतं. निरोगी माणसाला बसवून बघा, त्याचीही 'कावीळ' उतरेल. गळ्यातली माळ लांब होते ती काड्या सुकून गाठी सैल पडतात म्हणून.

तरी लोक बरे होतात, कारण दूषित पाण्यातून होणारी 'अ' आणि 'ई' प्रकारची कावीळ बहुतेकांत काही आठवड्यांत स्वतःहून बरी होते. श्रेय माळेला मिळतं. वाईट वाटतं ते बाकीच्यांचं: ज्यांची पित्तनलिका खड्याने किंवा गाठीने बंद आहे, किंवा जी बाई गरोदर आहे आणि तिला 'ई' प्रकार झाला आहे. तिथे वाया गेलेला आठवडा जिवावर बेतू शकतो.

आणि हो, हळद बंद करण्याचं काही कारण नाही. हळदीचा पिवळा आणि काविळीचा पिवळा यांचं नातं नुसतं रंगाचं आहे. रस्त्यावरचा उसाचा रस 'काविळीला चांगला' म्हणून पाजतात. त्यातला बर्फ कुठल्या पाण्याचा हे आधी विचारा.

१८. दारूचा थेंब घेत नाही, तरी रिपोर्टमध्ये फॅटी लिव्हर कसं?

यकृतात चरबी साठायला दारूच लागते असं नाही. गरजेपेक्षा जास्त साखर-पिष्ट आलं की यकृत त्याची चरबी करतं. पोटाचा घेर, मधुमेह आणि बैठं काम असलं की ती बाहेर जाण्यापेक्षा आत साठते. उपवासाच्या दिवशी साबुदाण्याची खिचडी, बटाट्याचे वेफर्स आणि गोड लस्सी घेऊन 'आज काहीच खाल्लं नाही' म्हणणाऱ्यांनी हे उत्तर दोनदा वाचावं. सुरुवातीच्या टप्प्यात हे मागे फिरतं: हळूहळू, पण नक्की, वजन उतरवून. एकदम नको, का ते प्रश्न १२ मध्ये आहे.

१९. यकृत कापलं तरी पुन्हा वाढतं हे खरं का? मग सिऱ्होसिसमध्ये का वाढत नाही?

खरं आहे. जिवंत दाता आपल्या यकृताचा अर्ध्याहून मोठा भाग देऊ शकतो, आणि उरलेला भाग काही महिन्यांत जवळपास मूळ आकारमानाला येतो. पालीच्या शेपटीसारखा कापलेला तुकडा मात्र परत उगवत नाही, राहिलेला भागच फुगून भरून काढतो. उंदरांत दोन तृतीयांश यकृत काढलं तर आठवडा-दीड आठवड्यात भर निघते, हे १९३१ पासून माहीत आहे.

सिऱ्होसिसमध्ये पेशी वाढायचा प्रयत्न करतात, पण वर्षानुवर्षांच्या इजेने मधे व्रणांच्या जाळ्या पडलेल्या असतात. त्या चौकटीत नवी वाढ गाठींच्या रूपात अडकते आणि रक्ताच्या वाटाच बुजतात. रान चांगलं असलं तर पीक पुन्हा येतं, खडकावर कितीही पेरा.

२०. आंत्रपुच्छ आणि प्लीहा यांना सहाय्यक अवयव का म्हणत नाहीत?

आंत्रपुच्छ, म्हणजे अपेंडिक्स, हे मोठ्या आतड्याचंच शेपूट आहे, नळीचाच भाग. पाचकरस सोडत नाही. प्लीहा यकृताच्या विरुद्ध बाजूला, डावीकडे असते, पण तिचं काम रक्ताचं: जुन्या तांबड्या पेशी मोडीत काढणं. त्या मोडीतलं बिलिरुबिन शेवटी यकृताकडेच येतं, एवढाच काय तो पचनाशी संबंध.

२१. जेवणानंतर पाचक गोळ्या, सिरप घ्यावं का? आणि ते शाकाहारी असतं का?

ज्यांचं स्वादुपिंड खरोखर निकामी झालं आहे त्यांना पाचकद्रव्यांच्या कॅप्सूल लागतातच, आणि त्या घासांबरोबर घ्यायच्या असतात. जेवण संपल्यावर तासाने घेतल्या तर त्या मागे आणि अन्न पुढे. आतल्या कणांवर आम्लात न विरघळणारं आवरण असतं, म्हणून ते चावायचे नाहीत. ही द्रव्यं सहसा डुकराच्या स्वादुपिंडातून काढलेली असतात. धार्मिक कारणाने किंवा शाकाहारामुळे अडचण असेल तर डॉक्टरांना आधी विचारा.

दुकानात सहज मिळणाऱ्या सिरपांत बरेचदा बुरशीपासून मिळवलेलं डायस्टेज आणि पपईतलं पपेन असतं. मटण शिजताना कच्च्या पपईची फोड टाकतो ती याच पपेनसाठी. निरोगी स्वादुपिंडाला या मदतीची गरज नसते. अति जेवल्याची जडता रस कमी पडल्याने येत नाही, जठर ताणल्याने येते.

२२. सहा महिन्यांच्या आत बाळाला भाताची पेज का देऊ नये म्हणतात?

एक कारण याच विषयातलं आहे. जन्मतः बाळाच्या स्वादुपिंडातून अमायलेज फारच कमी येतं, ते पुढच्या महिन्यांत हळूहळू वाढतं. स्निग्ध पचवायला मात्र बाळाला घरूनच शिदोरी मिळते: आईच्या दुधातच लायपेज असतं.

२३. घोड्याला पित्ताशय नसतं म्हणतात, खरं का?

खरं. उंदरांतल्या मोठ्या घुशीसारख्या जातीलाही, म्हणजे प्रयोगशाळेतल्या रॅटला, ते नसतं. छोट्या माऊसला असतं. बऱ्याच कबुतरांनाही नसतं. घोडा दिवसभर चरतो, त्याला पित्त साठवायची गरज नाही, असं स्पष्टीकरण देतात आणि ते पटतंही. मग एखादा मुलगा मागच्या बाकावरून विचारतो की गाय पण दिवसभर चरते, तिला कसं असतं? तिला असतं खरं. तेव्हा घोड्याचं स्पष्टीकरण घोड्यापुरतं ठेवा, नियम म्हणून उत्तरपत्रिकेत लिहू नका.